उजवा गुडघा आणि आबांचं खाकरणं

ज्यांच्या पायाला मांडीपासून घोट्यापर्यंत प्लास्टर आहे आणि दुपार कलली की ज्यांच्या अंगात ताप भरतो, त्यांच्यासाठी हे लिहितोय. बाकीच्यांनी वाचलं तरी हरकत नाही. मी पडून होतो तेव्हा कुणीतरी असं काही वाचायला द्यावं असं फार वाटायचं. भेटायला येणारे सगळे ‘होईल बरं’ म्हणायचे आणि पायाकडे न बघता मोसंबी ठेवून जायचे. मोसंब्यांचा मला अजून वीट येतो.

मी डॉक्टर नाही. सोलापुरात कॉलेजला होतो आणि बास्केटबॉल खेळायचो. फॉरवर्ड. म्हणजे बास्केटच्या जवळ राहायचं, उडायचं, चेंडू टाकायचा, हुकलेला पुन्हा उडून पकडायचा. सगळं काम गुडघ्यांचं.

हात वर कर

आम्ही मूळचे सांगोल्याकडचे, मेंढरंवाले. दुष्काळात कळप संपला. उरलेल्या चार शेळ्या घेऊन आबा, म्हणजे माझे वडील, सोलापूरला लागून असलेल्या कुंभारीत आले. आई त्याआधीच गेली होती. थोरला भाऊ, त्याला मी दादा म्हणतो, भवानी पेठेत हातमागावर कामाला लागला. त्याचं लग्न झालं, वहिनी आली, पाठोपाठ चिंगी झाली. दोन खोल्या, पुढं अंगण, अंगणाला कुडाचं फाटक. शिकलो मी एकटा, कारण मला शेळ्यांमागं धाडलं की मी झाडाखाली पुस्तक घेऊन बसायचो आणि शेळ्या लोकांच्या कडवळात, म्हणजे उभ्या चाऱ्यात, शिरायच्या.

लहानपणी मेंढरांना बाभळीच्या शेंगा पाडायला मी काठी घेत नसे, उडी मारून फांदीच ओढायचो. त्यामुळे उडायचं कसं हे मला कुणी शिकवायची गरज पडली नाही. कॉलेजात प्रवेशाच्या रांगेत खेळाच्या सरांनी मला पाहिलं आणि नाव विचारायच्या आधी म्हणाले, “हात वर कर.” केला. सर वर बघतच राहिले. मग म्हणाले, “उद्या सहाला मैदानावर. चहा माझ्याकडे.”

तेव्हापासून मला चेंडू पुरवायचं काम नागेशचं. नागेश भवानी पेठेतल्या तेलुगू विणकराचा मुलगा, माझ्या खांद्याएवढा, तोंडाचा फटकळ. तो न बघता चेंडू फेकायचा आणि मी तिथं असायचो. पुढच्या वर्षी आम्हाला हरवेल असं कॉलेज आसपास उरलं नाही. मोडनिंबची मंडळी एसटीनं सामने बघायला यायची आणि ‘बिरू, उड की!’ म्हणून ओरडायची. मोडनिंबशी माझा काय संबंध, हे मला शेवटपर्यंत कळलं नाही.

एक गोष्ट इथंच सांगून ठेवतो. आमच्यात वडीलधारा पुरुष घरात शिरताना आधी बाहेर खाकरतो. आत सून काम करत असते, पदर खांद्यावर घसरलेला असतो, कधी केस मोकळे असतात. खाकरणं ऐकलं की ती पदर डोक्यावर घेते, बाजूला होते, मग तो आत येतो. हाक मारायची गरज नसते. आबा याबाबतीत फार काटेकोर. फाटकाशी एकदा आणि उंबऱ्याशी एकदा खाकरल्याशिवाय ते स्वतःच्या घरातही पाऊल टाकत नसत.

एकदा ते कॉलेजात सामना बघायला आले. मैदानाच्या कडेला मुली बसल्या होत्या. आबा तारेच्या कुंपणाबाहेर थांबले, दोनदा खाकरले आणि मुलींनी पदर घ्यायची वाट बघत राहिले. मुलींचं लक्षच नव्हतं. शेवटी मान खाली घालून आत आले.

नागेश माझ्या कानाशी म्हणाला, “बिऱ्या, तुझ्या बापाचा हॉर्न वाजला बे.”

सगळे हसले, मीही हसलो. त्यानंतर कधीही तो आवाज कुंपणापलीकडून आला की मला मागं वळून बघावं लागत नसे. आबा आलेत एवढं कळायचं आणि मी अर्धा हात उंच उडायचो.

दुपार कलली की

गुडघा पहिल्यांदा कशानं दुखला ते मला नक्की सांगता येत नाही. पडलो होतो, हे खरं. पण फॉरवर्ड रोजच पडतो. उजव्या गुडघ्याला सूज आली आणि ती गेली नाही, इतकंच.

खेळाडूच्या गुडघ्याला मार सोडून काय होणार? सगळ्यांचं एकमत होतं. सरांनी पट्टी बांधली. ओळखीच्या एका वस्तादांनी तेल लावून तो रोज रगडून दिला. त्यांच्या हाताला गुण होता, तालमीतले कितीतरी पाय त्यांनी उभे केले होते. माझा गुडघा मात्र रगडल्यावर गरम व्हायचा आणि तसाच गरम राहायचा. रात्री त्यावर हात ठेवला की नुकत्याच उतरवलेल्या भाकरीच्या तव्यासारखी ऊब लागायची.

मग ताप सुरू झाला. फार नाही, मी त्याला पावशेर ताप म्हणायचो. सराव संपवून सायकलवर कुंभारीला निघालो की पाठीतून शिरशिरी जायची, घरी पोचेपर्यंत डोळे जळायचे. सकाळी काही नाही. सकाळी काही नाही म्हणून मी कुणाला बोललो नाही, आणि बोललो असतो तरी ऊन लागलं असंच ठरलं असतं. सोलापुरात ऊन लागायला काय तोटा.

पहिल्यांदा वहिनीला शंका आली. अंगणात पाय धूत होतो, ती पाणी ओतत होती.

“भावजी, रागावू नगा,” ती म्हणाली. “तुमचा येक पाय दुसऱ्यापरीस बारीक दिसतुया.”

“खेळून झालंय वैनी.”

“खेळून बारीक हुतुया व्हय? तुमचं दादा दीसभर मागावर पाय मारत्यात, त्यांची पिंढरी बगा की कशी हाय.”

मी बघितलं. उजवी मांडी खरोखर डावीपेक्षा बारीक होती. मी पटकन धोतराचं फडकं गुंडाळलं आणि आत गेलो. 

पहाट वाईट असायची. झोपेत पाय सैल पडला की गुडघ्यातून अशी कळ निघायची की मी ओरडून जागा व्हायचो. बाहेरच्या खोलीत आबा जागेच असायचे. ते खाकरायचे. मी इथं आहे, असं सांगितल्यासारखे. मला बरं वाटायचं. घरात कुणीतरी जागं आहे या आधारावर मला पुन्हा डोळा लागायचा.

पायावर उभा राहिलो तो शेवटचा सामना

विद्यापीठाच्या संघाची निवड त्या सामन्यातून व्हायची होती. निवड करणारे दोघं कोल्हापूरहून येऊन खुर्च्या टाकून बसले होते. त्या संघात गेलं की बाहेरच्या राज्यांत खेळायला मिळतं आणि चांगल्या खेळाडूला नोकरी शोधत फिरावं लागत नाही, हे सरांनी मला इतक्या वेळा ऐकवलं होतं की झोपेतही म्हणून दाखवलं असतं. आबांना त्यातलं इतकंच कळलं होतं की पोरगा उडतो म्हणून सरकार त्याला पोसणार.

सकाळी गुडघा वाकत नव्हता. मी घट्ट पट्टी बांधली. सुरुवातीला दातओठ खाऊन पळालो, आणि मग एकाएकी दुखायचंच थांबलं. खरं सांगतो, मला वाटलं, बरा झालो. इतका हलका मी कधी खेळलो नव्हतो. नागेशनं कुठूनही चेंडू टाकावा आणि तो हातात यावा. फळीवर आपटून परत आलेला प्रत्येक चेंडू माझाच. लोक उभे राहिले. कुंपणापलीकडून तो ओळखीचा आवाज आला, एकदा, दोनदा, मग बराच वेळ लागोपाठ. आबांना आज फारच भरून आलंय, असं मला वाटलं.

निवडीच्या यादीत माझं नाव पहिलं वाचलं गेलं. सरांनी सामन्याचा चेंडू माझ्या हातात दिला आणि पाठ थोपटली. मग पोरांनी मला खांद्यावर घेतलं आणि वाजतगाजत बाहेर काढलं. कुणालाच ठाऊक नव्हतं की खांद्यावर घेतलं नसतं तर मी तिथून हललो नसतो. शिट्टी वाजली त्या क्षणी गुडघा अर्धवट वाकलेला होता, तो तसाच अडकला होता.

खांद्यावरून उतरवायला लागले तेव्हा मी नागेशला म्हणालो, “खाली नको सोडू.”

तो हसत होता. माझं तोंड बघितलं आणि त्याचं हसणं गेलं.

काचेवरचा फोटो

सरकारी दवाखान्यातल्या हाडांच्या डॉक्टरांनी एक्स-रे खिडकीच्या काचेवर धरला आणि सांध्याच्या कडेवरून बोट फिरवलं. आधी सुईनं गुडघ्यातलं पाणी काढलं होतं. ते पाण्यासारखं नव्हतं. मी, दादा आणि सर खोलीत होतो. आबा शेळ्या बांधून मागून आले. दाराबाहेर खाकरले, दोनदा, नेहमीसारखे, आणि आत येऊन भिंतीला टेकून उभे राहिले.

“हा मार नाही,” डॉक्टर म्हणाले. “क्षय आहे. गुडघ्याचा.”

क्षय छातीला होतो अशी माझी समजूत होती. त्यात माणूस खोकतो, रक्त पडतं, मरतो. माझ्या गुडघ्यात तो कसा शिरला हे मला कळेना. सर खुर्चीवर बसले. सर उभे राहून जेवणारा माणूस, त्यांना बसलेलं बघून मला आणखी भीती वाटली.

डॉक्टर अजून फोटोच बघत होते. म्हणाले, “हा कुणाकडून तरी येतो. घरात कुणाला खोकला आहे? जुना, न जाणारा?”

आबांनी हात जोडले. “न्हाय साहेब. खोकला कुनालाच न्हाय आमच्यात. रानातली मानसं आमी.”

डॉक्टरांनी दादाकडे बघितलं. “न्हाय,” दादा म्हणाला. मग माझ्याकडे बघितलं. मीही नाही म्हणालो. आम्ही तिघंही खरं तेच सांगत होतो.

“दूध कच्चं पिता?”

“शेळीचं. धार काढली की तसंच,” आबा म्हणाले, जरा अभिमानानं.

“ते आजपासून बंद. त्यातून आलं असेल.”

मला विचारायचं होतं ते विचारायला धीर होत नव्हता. शेवटी सरांनीच विचारलं, हा खेळेल का. डॉक्टरांनी फोटो खाली ठेवला. प्लास्टर घालू, रोज इंजेक्शन देऊ, गोळ्या चालतील. प्लास्टर निघेल त्या दिवशी गुडघा वाकला तर खेळायचं बघू. नाही वाकला, तर जोडून टाकावा लागेल.

“जोडून म्हणजे?” मी म्हणालो.

“मांडीचं हाड आणि नडगीचं हाड एक करायचं. मग दुखणार नाही. वाकणारही नाही.”

त्याच आठवड्यात आबांनी शेळ्या विकल्या. दादा म्हणाला, दूध तापवून पिऊ, शेळ्या कशाला घालवता? आबा ऐकेनात. ज्या जनावरांनी माझ्या पोराचा पाय खाल्ला ती दारात नकोत, म्हणाले. जन्मभर जनावरांमागं फिरलेल्या माणसाला आता दिवसभर काहीच काम उरलं नाही. ते माझ्या खाटेशी येऊन बसायला लागले.

वॉर्ड

आमचा वॉर्ड लांबट, खाटांच्या दोन रांगा, मधून सिस्टर फिरायच्या. पहाटे थर्मामीटर, मग इंजेक्शन. एक दिवस उजवीकडे, एक दिवस डावीकडे, म्हणजे कुठल्याच कुशीवर नीट झोपता येऊ नये अशी व्यवस्था. गोळ्या इतक्या मोठ्या की बैलाला देतात की काय असं वाटावं. त्यांनी तोंडाची चव गेली. इंजेक्शनांनी कानात शिट्टी वाजायला लागली. पहिल्यांदा ऐकली तेव्हा मी झोपेत उठून बसलो, मला सामना सुरू झाला असं वाटलं. डॉक्टरांना सांगितलं तर त्यांनी डोस कमी केला. तुम्हालाही अशी शिट्टी ऐकू आली तर लाजू नका, लगेच सांगा.

भीती कशाची वाटते, हेही सांगतो. मरणाची फारशी वाटत नाही. प्लास्टरच्या आत काय चाललंय याची वाटते. पाय तुमचा, पण तो तुम्हाला दिसत नाही. आत खाज सुटते, कधी ओल वाटते, कधी काहीच वाटत नाही आणि तेच सगळ्यात वाईट. मी दिवसभर मनातल्या मनात गुडघा वाकवून बघायचो. वाकतोय असं वाटायचं. शेजारच्या खाटेवर खुब्याच्या क्षयाचे एक गृहस्थ होते, तेही तसंच करायचे. एकदा त्यांनी माझ्याकडे बघून विचारलं, “तुमचा वाकतो का?” मी हो म्हणालो. “माझाही,” ते म्हणाले. आम्ही दोघं चुन्याच्या ठोकळ्यांत पडून होतो.

घरी तणातणी सुरू झाली होती. दादाचं म्हणणं, खेळानं पाय घालवला, शिकून मास्तर झाला असता. आबांचं म्हणणं, खेळ देवानं दिला, शेळीनं घालवला. दोघं माझ्या खाटेच्या दोन बाजूंना उभे राहून भांडायचे आणि मग डबा उघडून मला जेवायला सांगायचे. वहिनी चिंगीला काखेत घेऊन भर उन्हात कुंभारीहून डबा आणायची. तिनं कधी तोंड वाकडं केलं नाही, पण एकदा प्लास्टरवर हात ठेवून गप्प रडली. चिंगीला प्लास्टर फार आवडायचं. त्यावर ती हातानं ढोल वाजवायची आणि मग आबांच्या मांडीत जाऊन झोपायची.

लहानसहान सुखं होती. नागेश दर रविवारी यायचा आणि सामन्याची हकीकत सांगायचा. विद्यापीठाचा संघ माझ्याशिवाय गेला आणि पहिल्याच फेरीत हरून आला, हे त्यानं मला पेढ्यासारखं आणून दिलं. मी दिवसभर खूश होतो, आणि खूश झालो याची मला लाजही वाटली नाही. सिस्टर कडक होत्या, पण आबांना वेळेच्या बाहेर आत सोडायच्या. त्यांना आबा दिसायच्या आधीच कळायचे. “आले बघा तुमचे वडील,” त्या म्हणायच्या, आणि मग पुष्कळ वेळानं आबा जिन्यावरून वर यायचे. हल्ली त्यांना जिना चढायला वेळ लागायचा. फेटा मोठा वाटायला लागला होता. काळजीनं वाळले, आम्ही म्हणायचो.

पदर

प्लास्टर कापायचा दिवस उजाडला. डॉक्टर, सिस्टर, मी, आणि उशाशी वहिनी. दादा कामावर होता. वहिनी माझ्या उशाकडची चादर नीट करत होती, पदर खांद्यावर पडलेला, चिंगी खाली फरशीवर.

कात्रीनं प्लास्टर चिरलं गेलं आणि पाय बाहेर आला. मी त्याला ओळखलं नाही. पांढरा, सोललेल्या काठीसारखा, वर केस. डॉक्टरांनी एक हात मांडीखाली घातला, एक घोट्याशी धरला. म्हणाले, “सैल सोड.”

मी डोळे मिटले आणि सैल सोडलं. मनातल्या मनात तो वाकला. नेहमीसारखा. डोळे उघडले तर डॉक्टरांचे हात तिथंच होते आणि पाय सरळच होता. त्यांनी पुन्हा जोर लावला. आत दगडावर दगड घासल्यासारखं काहीतरी झालं आणि माझ्या तोंडून आवाज फुटला.

त्याच वेळी जिन्याखालून खाकरणं आलं.

वहिनीनं पदर डोक्यावर ओढला, चिंगीला उचललं आणि खाटेच्या पलीकडे सरून तोंड फिरवून उभी राहिली. सगळं एका दमात, सवयीनं. डॉक्टरांनी मान वर केली.

“काय झालं?” ते म्हणाले.

“मामंजी आलं,” वहिनी म्हणाली.

“कुठे आलेत? इथं कुणी नाही.”

“खाली हायती. खाकरलं न्हवं का.”

डॉक्टरांनी माझा पाय हलकेच गादीवर ठेवला. खालून पुन्हा आवाज आला. मग पुन्हा. या वेळी मी ऐकलं, आयुष्यात पहिल्यांदा नीट ऐकलं. ते फाटकाशी एकदा आणि उंबऱ्याशी एकदा नव्हतं. त्याला शेवट नव्हता.

“असे ते रोज खाकरतात?” डॉक्टरांनी विचारलं.

“व्हय की. रीत हाय आमच्यात.”

“रात्रीसुद्धा?”

वहिनीनं चिंगीला आणखी घट्ट धरलं.  आबा दाराशी आले, एका हातानं चौकट धरली, दुसऱ्या हातात माझ्यासाठी आणलेली मोसंबी. घामेघूम. माझा उघडा पाय बघून त्यांचं तोंड उजळलं.

“वाकला का रं?” ते म्हणाले.

दोन फोटो

त्या दिवशी आबांच्या छातीचा फोटो निघाला. माझ्या गुडघ्याचा नवा फोटो आणि त्यांचा, डॉक्टरांनी एकाच खिडकीवर शेजारी शेजारी धरले. गुडघ्यात सांध्याच्या कडा कुरतडल्यासारख्या होत्या. आबांच्या छातीत वर एका बाजूला चांगलं मोठं भगदाड होतं.

आबांनी फोटो बघितला नाही. ते माझ्याकडे बघत होते. मग म्हणाले, “शेळ्या उगंच इकल्या म्हन की.”

पुढचं थोडक्यात सांगतो. आबांना छातीच्या वॉर्डात ठेवलं, आवाराच्या दुसऱ्या टोकाला. दादा, वहिनी, चिंगी सगळ्यांचे फोटो निघाले. चिंगीचा येईपर्यंत आम्ही कुणी पाणी प्यायलो नसू. तिची छाती स्वच्छ निघाली, त्या दिवशी दादा वॉर्डाच्या जिन्यात बसून हमसून रडला. मी त्याला तसं रडताना पुन्हा पाहिलं नाही.

माझा गुडघा जोडला. आधीच्या रात्री नागेश आला होता. मी म्हणालो, उद्यापासून वाकणार नाही. तो म्हणाला, “नाही तर नाही बे. तू तसाही पास देताना कुठं वाकत होतास.” आणि बाहेर जाऊन बराच वेळ परत आला नाही.

वाकणारा गुडघा नसणं म्हणजे काय, हे कुणी आधी सांगत नाही, म्हणून मी सांगतो. जमिनीवर मांडी घालता येत नाही, म्हणजे आमच्याकडे पंगतीत बसता येत नाही. संडासला बसायची मोठी अडचण. एसटीत पाय वाटेत येतो आणि लोक अडखळून शिव्या देतात. सायकल गेली. सगळ्याची सवय होते. उडायची सवय तेवढी जात नाही. उंचावर काही ठेवलेलं दिसलं की अंग आपोआप गोळा होतं.

फाटकाशी

आबा माझ्यानंतर पुष्कळ महिन्यांनी घरी आले. अंगानं भरले होते, थुंकी स्वच्छ होती, आता कुणाला भीती नाही असं डॉक्टरांनी आम्हा सगळ्यांना समोर बसवून सांगितलं होतं. मी अंगणातल्या कट्ट्यावर पाय लांब करून बसलो होतो. आबा फाटकाशी थांबले आणि सवयीनं खाकरले.

वहिनीनं पदर घेतला नाही. हातातलं सूप टाकून तिनं चिंगीला उचललं आणि मागच्या दारानं बाहेर पळाली.

तिला तसं करायचं नव्हतं. नंतर ती आबांच्या पाया पडली, ढसाढसा रडली. आबा म्हणाले, “आगं बरुबर हाय तुजं.” पण त्यानंतर ते खाकरले नाहीत. सुनेला नावानं हाक मारायची नाही, खाकरायचं नाही, आणि न सांगता आत शिरायचं नाही. ते बाहेरून आले की फाटकाबाहेर उन्हात उभे राहायचे. कुणी बाहेर येईल तेव्हा आत यायचे. पायाखाली चपलेनं माती उकरत, आपण सहज थांबलोय असं दाखवत.

मी दोन-चार वेळा बघितलं आणि मला सहन होईना. आत जाऊन ट्रंक उघडली. त्या सामन्यानंतर ती उघडली नव्हती. कॅनव्हासचे बूट, पट्टी, आणि हवा गेलेला चेंडू. दादाच्या सायकलचा पंप घेतला, सुई लावली. एका पायानं चेंडू दाबून धरता येईना, म्हणून छातीशी धरून भरला. मग कट्ट्यावर बसलो आणि फाटकावरून दोन्ही हातांनी आबांकडे फेकला, नागेशला द्यायचो तसा, छातीच्या उंचीला.

आबांनी तो कोकरू झेलावं तसा झेलला.

“काय करू ह्येचं?” ते म्हणाले.

“आपटा की आबा.”

त्यांनी आपटला. चेंडू कडक भरला होता, ठप्प असा मोठा आवाज झाला. आत वहिनी दाणे पाखडत होती. तिनं दचकून वर बघितलं, फाटकात सासरा हातात चेंडू धरून उभा, आणि तिचा हात पदराकडे गेला. पदराआड ती हसत होती, ते खांद्यांवरून कळत होतं. आबा उंबऱ्याशी आले, तिथं पुन्हा एकदा आपटला आणि मग आत गेले.

तुमच्यापैकी कुणाला डॉक्टरांनी विचारलं, घरात कोण खोकतं, तर लगेच नाही म्हणू नका. घरी जा, डोळे मिटून बसा आणि एक दिवस नुसतं ऐका.

चेंडू आता फाटकाच्या खुंटाशी असतो. हवा कमी झाली की मी भरतो. आबांना बरं वाटतं, तरी पहाटे जाग आली की मी कान देऊन पडून राहतो. अजून तरी बाहेरच्या खोलीत शांत असतं. मग उजाडतं, आबा फिरून येतात, फाटकाशी चेंडू आपटतो, आणि पांघरुणात माझा उजवा पाय रोज उडायला बघतो.